खोलीसाठी नेसलेली साडी

चार तरुण आहेत. कमाई जेमतेम, लग्न एकाचंही झालेलं नाही आणि पुण्यात पाठ टेकायला जागा नाही. लीलाबाई काळभोरांच्या बंगल्यात जागा आहे, पण त्यांना भाडेकरू हवेत ते जोडप्याने राहणारे. चौघांपैकी धनंजय आणि शंतनू हे सख्खे भाऊ. उरलेले दोघं, परशुराम आणि सुधीर, साड्या नेसून त्यांच्या बायका होतात आणि दोन भाऊ, दोन जावा असं सोज्वळ कुटुंब बंगल्यात राहायला येतं. वसंत सबनीसांनी लिहिलेला, सचिन पिळगांवकरांनी दिग्दर्शित केलेला आणि किरण शांताराम यांनी निर्मिलेला ‘अशी ही बनवाबनवी’ सप्टेंबर १९८८ मध्ये आला. त्यानंतर जन्मलेली मुलंही आज त्यातले संवाद घरच्यासारखे वापरतात. या टिकाऊपणाचं श्रेय सहसा अशोक सराफ आणि लक्ष्मीकांत बेर्डे यांच्या टायमिंगला दिलं जातं. ते चुकीचं नाही, पण अपुरं आहे. हा चित्रपट टिकला तो त्याच्या पायात असलेल्या घरटंचाईमुळे. विनोदातलं खोटं कितीही अचाट असलं तरी चालतं. त्यामागची गरज मात्र खरी, रोजची आणि प्रेक्षकाने स्वतः सोसलेली हवी. विसाव्या शतकातल्या शहरी माणसाला घराच्या गरजेइतकी ओळखीची गरज क्वचितच दुसरी असेल. म्हणूनच पुण्यात, मॉस्कोत आणि लंडनच्या वायव्येला असलेल्या वेम्बलीतही लोकांच्या मनात राहिलेल्या विनोदाचा धागा भाड्याच्या किंवा अपुऱ्या घराशी जाऊन भिडतो.

पुण्याची गोष्ट कायद्यापासून सुरू करावी लागते. मुंबई भाडेनियंत्रण कायदा १९४७ चा. त्याने भाडी १९४० च्या पातळीला बांधून टाकली आणि भाडेकरूला बाहेर काढणं महाकठीण केलं. युद्धानंतरच्या महागाईत त्याची गरज होतीच. पण हा कायदा मुदतवाढ घेत घेत अर्धं शतक टिकला. त्याची जागा घेणारा महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा यायला १९९९ उजाडलं. तोवर घरमालकाच्या लेखी भाडेकरू म्हणजे एकदा आत शिरला की पिढ्यान्‌पिढ्या न हलणारा माणूस झाला होता. साहजिकच भाड्याच्या खोल्या आटल्या, पागडी बोकाळली आणि ज्याच्याकडे खोली होती तो माणूस पारखून घेऊ लागला. पुण्यात त्यात आणखी भर पडली. १२ जुलै १९६१ ला पानशेत धरण फुटलं आणि नदीकाठच्या पेठांमधले वाडे आणि घरं वाहून गेली. त्याच दशकात पिंपरी-चिंचवडला कारखाने उभे राहू लागले. शिकायला आणि नोकरीला येणाऱ्या पोरांचा ओघ थांबेना. मागणी एवढी असताना मालकाला अटी घालणं परवडत होतं आणि सगळ्यात सोपी अट म्हणजे सडाफटिंग नको.

चित्रपटात ही सगळी परिस्थिती भाषण न ठोकता येते. धनंजय मानेचे पहिले मालक विश्वासराव सरपोतदार मधुमेही आहेत. औषध इस्तंबूलहून यायचं, त्यासाठी त्यांनी ७० रुपये दिलेले आणि औषध आणणारा मित्र वारला. त्याच्याबरोबर पैशांचं काय झालं, यावर मानेने दिलेलं उत्तर इथे उतरवायची गरजच नाही; मराठी वाचकाला ते पाठ आहे. या प्रसंगात रक्कम किती क्षुल्लक आहे ते पाहावं. ७० रुपयांसाठी एक मालक हैराण आहे आणि ७० रुपये बुडवण्यासाठी एक भाडेकरू एका माणसाच्या मरणाचा हवाला देतो आहे. सुधीर जोशींनी सरपोतदार खलनायकासारखा रंगवलेला नाही. त्याच्या चिक्कूपणाला घरपट्टीचा, दुरुस्तीचा आणि न वाढणाऱ्या भाड्याचा वास आहे. दोन्ही बाजूंचे हात दगडाखाली आहेत, म्हणून प्रेक्षक दोघांनाही हसतो आणि दोघांपैकी कुणाचाच द्वेष करत नाही. लीलाबाईंचंही तेच. त्या एकट्या बाई आहेत, बंगल्यात कुणाला घ्यावं याची त्यांना धास्ती आहे, आणि ती धास्ती हास्यास्पद नाही.

ही कथा मुळात मराठी नाही, हा आक्षेप इथेच घेऊन टाकावा. शैलेश दे यांच्या बंगाली कथानकावर १९५५ मध्ये ‘जय मा काली बोर्डिंग’ हा चित्रपट निघाला. त्यावरून १९६६ मध्ये हृषीकेश मुखर्जींनी हिंदीत ‘बीवी और मकान’ केला. निर्माते होते संगीतकार हेमंतकुमार. मराठी अवतार त्यानंतरचा. पण या प्रवासानेच माझा मुद्दा बळकट होतो. ही गोष्ट कोलकात्याच्या बोर्डिंगातून मुंबईला आणि तिथून पुण्याला गेली, कारण तिन्ही शहरांत एकट्या पुरुषाला खोली मिळत नव्हती. ‘बीवी और मकान’ चांगला असूनही ‘बनवाबनवी’सारखा लोकांच्या तोंडी राहिला नाही, यात सबनीसांच्या कारागिरीचा वाटा मोठा आहे. हिंदीतले मित्र पाच होते. मराठीत चार झाले आणि दोन-दोनच्या जोड्यांत बसले. त्यामुळे खोट्या कुटुंबाला खऱ्या एकत्र कुटुंबाची घडण आली: थोरला, धाकटा, थोरली जाऊ, धाकटी जाऊ. नाती तयार झाली की त्यांची कर्तव्यंही मागून येतात. लग्न झालंय म्हटलं की आज ना उद्या पाळणा हलायला हवा, म्हणून साडीतल्या परशुरामाला, म्हणजे लक्ष्मीकांतच्या पार्वतीला, दिवस जातात आणि थेट डोहाळजेवणाचं गाणं होतं. ‘विच्छा माझी पुरी करा’ हे वगनाट्य लिहिणाऱ्या लेखकाला हे नेमकं ठाऊक होतं की सोंग वाढवत न्यायचं असतं, आणि पुढची प्रत्येक पायरी आधीच्या पायरीतूनच निघायला हवी. पहिली पायरी मात्र एकच आहे आणि ती शेवटपर्यंत जागची हलत नाही: जागा सोडली तर जायचं कुठे?

मराठीत हा प्रश्न नवा नव्हता. पु. ल. देशपांडे यांची ‘बटाट्याची चाळ’ १९५८ ची. राजा ठाकूर यांच्या ‘मुंबईचा जावई’ने १९७० मध्ये चाळीतल्या नवविवाहित जोडप्याला एकांत मिळत नाही, एवढ्या एका अडचणीवर अख्खा चित्रपट उभा केला. बासू चॅटर्जींनी दोनच वर्षांत त्याचा हिंदीत ‘पिया का घर’ केला. या चित्रपटांत माणसं वाईट नाहीत. भिंती पातळ आहेत. नैतिक दोषापेक्षा चौरस फुटांच्या टंचाईतून येणारा विनोद प्रेक्षकाला अपमानित करत नाही. त्याला स्वतःची खोली पडद्यावर दिसते, आणि ती दिसल्याबद्दल लाज वाटण्याऐवजी हसू येतं.

हाच धागा सोव्हिएत रशियात दुसऱ्या टोकाने हाती लागतो. तिथे मालक खासगी नव्हता, शासन होतं. क्रांतीनंतर शहरांतली मोठी घरं वाटून एकेका खोलीत एकेक कुटुंब बसवलं गेलं. स्वयंपाकघर आणि न्हाणीघर सगळ्यांना सामायिक. अब्राम रूम यांच्या १९२७ च्या मूकपटात मॉस्कोतल्या एका जोडप्याच्या खोलीत नवऱ्याचा मित्र सोफ्यावर झोपायला येतो, कारण शहरात जागाच नाही. आणि पुढे तिघांच्या एकाच खोलीतल्या राहण्यातून गुंता होतो. या टंचाईवर १९५७ मध्ये ख्रुश्चेव्हच्या सरकारने मोठ्या प्रमाणावर घरबांधणीचा निर्णय घेतला. कारखान्यात ओतलेले काँक्रीटचे फलक आणून जोडलेल्या, सजावट काढून टाकलेल्या इमारती देशभर उभ्या राहिल्या. कोट्यवधी माणसांना पहिल्यांदा स्वतःचं दार आणि स्वतःची किल्ली मिळाली. किंमत एकच होती: सगळी दारं सारखी झाली.

एल्दार रियाझानोव्ह आणि एमिल ब्रागिन्स्की यांनी याच किमतीवर आधी १९६९ मध्ये नाटक लिहिलं आणि मग त्याचा चित्रपट केला. जगभर तो ‘द आयरनी ऑफ फेट’ म्हणून ओळखला जातो आणि सोव्हिएत विनोदी चित्रपटांत त्याच्याइतका लाडका क्वचितच कुणी असेल. सुरुवातीलाच एक छोटी व्यंगचित्रपट्टी आहे. वास्तुविशारद नटलेल्या इमारतीचा आराखडा एकेका टेबलावर नेतो, प्रत्येक टेबलावर त्यातली एकेक सज्जा, एकेक खांब छाटला जातो आणि शेवटी उरलेले सरळसोट ठोकळे चालत जाऊन सगळी पृथ्वी व्यापतात. मग कथा. नववर्षाच्या आदल्या दिवशी मित्रांबरोबर सार्वजनिक स्नानगृहात झिंगलेला मॉस्कोचा डॉक्टर झेन्या चुकून लेनिनग्राडच्या विमानात चढवला जातो. शुद्धीवर नसलेला झेन्या टॅक्सीवाल्याला स्वतःचा पत्ता सांगतो. त्याच नावाचा रस्ता, तसलीच इमारत, तोच फ्लॅट क्रमांक लेनिनग्राडलाही असतो. कुलपालाही त्याची किल्ली लागते आणि आतलं फर्निचरही ओळखीचं निघतं. इथे कुणी साडी नेसत नाही, कुणी खोटं बोलत नाही. फसवतात त्या इमारतीच. चित्रीकरणातली गंमत अशी, की ‘मॉस्को’ आणि ‘लेनिनग्राड’ अशी दाखवलेली दोन्ही घरं प्रत्यक्षात मॉस्कोच्याच वेर्नाद्स्की रस्त्यावर, एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर होती. चित्रपटाचा युक्तिवाद त्याच्या निर्मितीनेच खरा करून दाखवला. १ जानेवारी १९७६ च्या संध्याकाळी तो दूरचित्रवाणीवर आला आणि आजतागायत रशियन घरांत नववर्षाबरोबर तो लागतोच.

रियाझानोव्ह इथे थांबले नाहीत. त्यांच्या ‘गराज’मध्ये घर नाही तर मोटार ठेवायची जागा अपुरी पडते. सहकारी संस्थेतल्या चार सभासदांना वगळायचं असतं आणि कोणाला वगळायचं यावर बैठक बसते. एक बाई दाराला कुलूप लावून किल्ली लपवते, रात्रभर सगळे एकमेकांची लक्तरं वेशीवर टांगतात. शेवटी चिठ्ठी निघते ती सगळी बैठक पेंढा भरलेल्या पाणघोड्यावर डोकं टेकून झोपा काढणाऱ्या माणसाची, आणि तो झोपाळू रंगवला आहे खुद्द रियाझानोव्ह यांनी. सरकारी स्टुडिओत, सरकारी पैशाने, सरकारच्याच वाटपावर हसायला परवानगी कशी मिळाली, असा प्रश्न पडतो. वाफ निघून जावी म्हणून झडप उघडी ठेवली, हे त्याचं एक उत्तर. त्यात तथ्यही आहे. पण झडप उघडायची म्हटली तरी आत वाफ असावी लागते. या चित्रपटांना प्रेक्षकांनी डोक्यावर घेतलं ते परवानगी होती म्हणून नाही, तर त्यातली रांग आणि किल्ली त्यांच्या खिशातली होती म्हणून.

वेम्बलीचा पुरावा आकाराने लहान, पण सोयीच्या ठिकाणी आहे. १९२४-२५ च्या ब्रिटिश साम्राज्य प्रदर्शनाच्या आवारात पुढे चित्रपटांचा स्टुडिओ झाला, १९५५ पासून तिथे दूरचित्रवाणीचे कार्यक्रम होऊ लागले. लंडन वीकेंड टेलिव्हिजन ही कंपनी इथे असताना १९६९ मध्ये ‘ऑन द बसेस’ ही मालिका सुरू झाली. बीबीसीने नाकारलेली ही मालिका पुढे इतकी गाजली की १९७१ पासून तिचे तीन चित्रपटही निघाले. बसचालक स्टॅन वयाने चांगला थोराड, तरी आईच्या घरात राहतो; त्याच घरात बहीण आणि मेहुणाही. घर चालायचं ते बरंचसं त्याच्या पगारावर, त्यामुळे स्टॅनचं लग्न जमायला लागलं की घरातच पहिला अडथळा उभा राहतो. पुढे स्टुडिओचे मालक बदलत गेले, आणि २०१६ मध्ये ती जागा स्टेडियमभोवती हजारो भाड्याचे फ्लॅट बांधणाऱ्या क्विंटेन या विकासक कंपनीने घेतली. विनोद जिथे चित्रित झाला त्याच्या आजूबाजूला आता त्याचा विषय राहतो.

या फ्लॅटांत आणि आजूबाजूच्या जुन्या घरांत मराठी तरुणही राहतात, आणि त्यांच्यासाठी लीलाबाईंची अट कायद्याच्या भाषेत पुन्हा हजर आहे. इंग्लंडच्या २००४ च्या गृहनिर्माण कायद्यानुसार तीन किंवा अधिक माणसं एका कुटुंबातली नसताना स्वयंपाकघर, न्हाणीघर वाटून घेत असतील तर ते घर ‘एचएमओ’, म्हणजे बहुकुटुंबी घर ठरतं. त्याला आगीपासून सुरक्षिततेचे जादा नियम लागतात. पाच माणसं झाली की परवाना सक्तीचा होतो, आणि स्थानिक परिषदांना त्याहून लहान घरांवरही परवाना लावता येतो. चार मित्र एकत्र राहिले की नियम लागले. दोन सख्खे भाऊ आणि त्यांच्या बायका मात्र कायद्याने एकच कुटुंब. म्हणजे धनंजय मानेने पुण्यात केलेला हिशेब वेम्बलीच्या दप्तरातही तंतोतंत जमतो. नियमांमागचं कारण चांगलं आहे. कोंदट घरांत आगीत माणसं मरू नयेत म्हणून ते झाले. पण कटकट नको म्हणून ‘फॅमिली’ला पसंती देणारा मालक त्यातून तयार झाला तर नवल वाटू नये. पुण्यात मालकाला समाजाची भीती होती, इथे परिषदेच्या पत्राची. भाडेकरूच्या वाट्याला येणारा प्रश्न दोन्हीकडे एकच: तुम्ही एकमेकांचे कोण?

आता आक्षेपांकडे. पहिला आक्षेप नटांचा: टंचाई वगैरे राहू दे, अशोक सराफ उभे राहिले की हसू येतंच. येतं. पण सचिन, अशोक सराफ, लक्ष्मीकांत बेर्डे हेच त्रिकूट आणि हाच दिग्दर्शक वर्षभरात ‘भुताचा भाऊ’ घेऊन आला. तोही लोकांनी आवडीने पाहिला, पण तो रोजच्या बोलण्यात मुरला नाही. नट तेच, फरक गरजेचा; भुताची गरज कुणाच्या संसारात नसते. दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे: पुरुषाने लुगडं नेसून हसवण्याची कला घरटंचाईपेक्षा कितीतरी जुनी आहे. इंग्लंडमध्ये ‘चार्लीज आंट’ १८९२ ची. आचार्य अत्रे यांनी तिची ‘मोरूची मावशी’ केली आणि १९८५ च्या सुमारास विजय चव्हाण यांनी ती घराघरात नेली. तिथे घराची ददात नाही, तरी नाटक टिकलं. हे मान्य करायला हवं. बालगंधर्वांपासून तमाशातल्या नाच्यापर्यंत स्त्रीरूपातल्या पुरुषाला दाद द्यायला मराठी प्रेक्षक सरावलेला आहे, आणि सबनीसांना तो सराव आयता मिळाला. पण दोन्हींची आठवण कशी राहिली ते पाहिलं की फरक कळतो. ‘मोरूची मावशी’ म्हटलं की मावशी आठवते, तिच्या लकबी आठवतात. तिने सोंग का घेतलं ते आठवायला थांबावं लागतं. ‘बनवाबनवी’त सोंगाचं कारण आधी आठवतं. उलट बाजूचाही दाखला आहे. याच कथानकाचा २००९ चा हिंदी अवतार ‘पेइंग गेस्ट्स’ थायलंडच्या पर्यटनस्थळी नेला गेला. सुट्टीच्या गावात बेघर होण्याची धाकधूक कुणाला पटणार? साड्या राहिल्या, गरज गेली, आणि कथा पोकळ झाली.

तिसरा आक्षेप सगळ्यात गंभीर आहे आणि त्याचं पूर्ण उत्तर नाही. ‘बनवाबनवी’तल्या चौघांना जागा नाकारली जाते ती लग्न झालं नाही म्हणून. प्रत्यक्षात पुण्यामुंबईत खोली नाकारली गेली ती जात विचारून, धर्म विचारून, ताटात काय असतं ते विचारून. आणि एकट्या स्त्रीला तर कारण न विचारताच. हे चित्रपटात नाही. खुद्द वेम्बलीच्या परिसरात आलेल्या आशियाई आणि कॅरिबियन माणसांना रंग पाहून दारं बंद केली जात होती. घर देताना वंशावरून नकार देणं बेकायदा ठरवायला ब्रिटनला १९६८ पर्यंत थांबावं लागलं. मग या विनोदाने दुखऱ्या भागाला हातच लावला नाही, असं म्हणता येईल. मला वाटतं, त्याने आपली हद्द दाखवून दिली. नसलेलं लग्न साडीने उभं करता येतं. आडनाव आणि कातडी अशी बदलता येत नाही. फार्समध्ये अडचण अशी लागते की सोंगाने ती तात्पुरती सुटावी आणि सोंगामुळेच पुन्हा वाढावी. जिथे सोंग चालतच नाही तिथे विनोद संपतो आणि गाऱ्हाणं सुरू होतं, मोर्चा सुरू होतो, कायदा करावा लागतो. चांगली विनोदी कलाकृती सगळा अन्याय सांगत नाही. ती टंचाईच्या नकाशावरची एक सीमा रेखते, जिच्या अलीकडे माणूस अजून लबाडीने निभावून नेऊ शकतो. पलीकडचं सांगायला दुसरे लेखक लागतात, आणि मराठीत दलित आत्मकथनांनी ते सांगितलेलं आहे.

या निकषावर वेम्बलीत मराठी विनोदाला आज कच्च्या मालाची वाण नाही. इंग्लंडभर २०१६ पासून घरमालकाला भाडेकरूचा देशात राहण्याचा हक्क तपासावा लागतो. त्यात पगाराच्या पावत्या, जामीनदार आणि आधीच्या मालकाचं शिफारसपत्र यांची भर पडते. नुकत्याच आलेल्या माणसाकडे आधीचा मालक नसतो, आणि आधीचा मालक नाही म्हणून पुढचा मिळत नाही. रियाझानोव्हला किंवा सबनीसांना यावर दोन तासांचा चित्रपट लिहायला अडचण पडली नसती. त्यासाठी लंडनची दृश्यं किंवा परदेशी नटी यांवर खर्च करण्याची गरज नाही. मालकाची अट नेमकी कोणती, ती त्याला का घालावी लागते आणि कोणतं खोटं तिला बरोबर बसेल, एवढी तीन उत्तरं लेखकाकडे हवीत. ही तयारी न करता चार नटांना साड्या नेसवणारे चित्रपट ‘बनवाबनवी’नंतरही निघत राहिले आणि विसरले गेले. हसवण्याच्या कामात गृहपाठ लागतो तो घरभाड्याचा.